मणी गोष्टीतच राहू द्या!

नागमणी नावाची वस्तू या पृथ्वीवर नाही. आज नाही, काल नव्हती, आणि उद्याही कोणाला सापडण्याचा संभव नाही. हे वाक्य इतके साधे आहे की, ते छापण्यासाठी दिवाळी अंकाची पाने खर्च करावीत काय, असा प्रश्न सुज्ञ वाचकांना पडेल. परंतु अमरावतीच्या बडनेरा रस्त्यावरून अकोल्याच्या गांधी रस्त्यापर्यंत कुठेही चार प्रतिष्ठित मंडळी जमली असता हे वाक्य उच्चारून पाहा. चारांतले दोघे हसतील, तिसरा ‘तसे अगदीच म्हणता यायचे नाही हो’ असे म्हणेल, आणि चौथा खिशातला मोबाईल काढून तुम्हांला एक चित्रफीत दाखवील. तीत एक नाग फणा काढून बसलेला असतो आणि त्याच्यापुढे हिरवट उजेडाचा एक खडा लखलखत असतो. हा चौथा गृहस्थ बहुधा पदवीधर असतो. म्हणून हा लेख.

आरंभीच एक गोष्ट स्पष्ट करतो. मी मॅट्रिकपर्यंत शिकलेला शाळामास्तर आहे, आणि फावल्या वेळात कादंबऱ्या लिहितो. तेव्हा ‘मुलांच्या पुस्तकांतून नागमणी हद्दपार करा’ अशी मागणी घेऊन मी आलेलो नाही. उलट माझी तक्रार दोन्ही पक्षांशी आहे. मणी बाजारात मांडणाऱ्यांशी तर ती आहेच; पण मणी गोष्टीतूनही उपटून टाकू पाहणाऱ्यांशीही आहे.

गोष्ट तुम्हां सर्वांना ठाऊक आहे. अमावास्येच्या रात्री वारुळातून जुना नाग बाहेर येतो, मस्तकावरचा मणी भुईवर ठेवतो आणि त्याच्या उजेडात भक्ष्य शोधीत फिरतो. झाडावर दडून बसलेला राजपुत्र वरून शेणाचा गोळा नेमका मण्यावर टाकतो. उजेड विझतो. नाग डोके आपटून आपटून प्राण सोडतो. मग तो मणी हाती धरून राजपुत्र विहिरीत उतरतो, पाणी दुभंगून वाट देते, आणि तळाशी नागलोकीची राजकन्या पलंगावर निजलेली आढळते. आमच्या वऱ्हाडात ही गोष्ट कंदिलाच्या उजेडात, कापसाच्या गंजीवर बसून कितीएक पिढ्यांनी ऐकली आहे. ऐकताना पोरांनी अंगावरच्या वाकळा गळ्यापर्यंत ओढून घेतल्या आहेत. हे सुख मी कोणालाही हिरावून घेऊ देणार नाही.

परंतु वाचकहो, या गोष्टीत एक लक्षात घेण्याजोगी खूण आहे. सबंध गोष्टीत कोणीही मणी विकत नाही! राजपुत्र तो सराफाच्या दुकानी नेऊन तोलीत नाही. मणी हा त्याचा दिवा आहे आणि पाताळाची किल्ली आहे. अंधारात उतरण्याचे धैर्य ज्याच्यापाशी आहे त्याच्या हाती तो शोभतो. गोष्ट रचणाऱ्या त्या अनामिक आजीला हे पक्के ठाऊक होते की, ही वस्तू तिच्या कल्पित राज्याच्या वेशीबाहेर जायची नाही. आजीला जे कळले ते आमच्या पदवीधराला कळू नये, यासारखे दुर्दैव नाही.

आता बाजाराकडे वळू. मणी विकणारा माणूस गरिबाच्या दारी येत नाही, कारण गरिबापाशी त्याला देण्याजोगे काही नसते. तो येतो सावकाराकडे, कंत्राटदाराकडे, जमीन विकून नुकताच पैसा हाती आलेल्या बागाईतदाराकडे. किंमत लाखांत सांगितली तर गिऱ्हाइकाला संशय येतो, म्हणून तो कोटींतच बोलतो. ‘परदेशी पार्टी तयार आहे, थोडी आगाऊ रक्कम लागेल, मणी मात्र रात्रीच पाहायचा’ हे त्याचे ठरलेले बोल. रात्रीच का? कारण दिवसा तो नुसता खडा दिसतो म्हणून!

त्या खड्याचे रहस्य आमच्या सहावीच्या वर्गालाही समजेल. पोरांच्या खोलीच्या छताला आपण चमकणाऱ्या चांदण्या चिकटवतो ना? दिवसा उजेड पिऊन घ्यायचा आणि रात्री हळूहळू सोडायचा, असा धर्म असलेली पूड त्यांत असते. तीच पूड राळेत घोटली की झाला नागमणी. फ्लोराइट नावाच्या खनिजाच्या काही जाती तर नुसत्या तापविल्या तरी अंधारात हिरवट चमकतात. खडा दिव्यापाशी शेकून आणायचा आणि गिऱ्हाइकाच्या तळहातावर ठेवायचा, एवढेच काम उरते. चित्रफितीतला नाग डुलतो तोही मण्याच्या तेजाने नव्हे; समोर हलणाऱ्या हाताकडे किंवा बीनकडे रोखून पाहत तो आपला बचाव करीत असतो.

नागाच्या डोक्यात काय असते हेही सांगून टाकू. कवटी असते, मेंदू असतो, जबड्याच्या दोन्ही बाजूंस डोळ्यांमागे विषाच्या ग्रंथी असतात आणि त्यांची नळी पुढच्या दातांत उतरते. खडा ठेवावयास तेथे जागाच नाही, आणि तो तयार करणारी ग्रंथीही नाही. फण्यावरची ती चष्म्यासारखी किंवा दहाच्या आकड्यासारखी खूण म्हणजे केवळ खवल्यांचा रंग आहे.

‘मग आमचे पूर्वज मूर्ख होते काय?’ असा सवाल लगेच येतो. मुळीच नव्हते. सहाव्या शतकातल्या वराहमिहिराने बृहत्संहितेत तक्षक-वासुकीच्या कुळातील सर्पांच्या मोत्यांचा उल्लेख केला आहे, तो त्या काळच्या समजुतीची नोंद म्हणून. युरोपातील लोक तेव्हा आपल्याहून काही शहाणे नव्हते. बेडकाच्या डोक्यात विषहारक मणी असतो असे ते मानीत आणि तो अंगठीत घालून मिरवीत. पुढे तपास झाला तेव्हा तो मणी म्हणजे कोट्यवधी वर्षांपूर्वीच्या माशांचे दगड झालेले दात निघाले! फरक एवढाच की, त्यांनी त्या अंगठ्या संग्रहालयाच्या कपाटात ठेवल्या. आम्ही मात्र आमचा मणी अजून तिजोरीत ठेवावयास निघालो आहो.

अंधारात चमकणाऱ्या वस्तूचा माणसाला लोभ आहे, यात आमचा एकट्याचा दोष नाही. १६६९ साली हाम्बुर्ग शहरातल्या हेनिंग ब्रांड नावाच्या किमयागाराने सोने मिळविण्यासाठी मूत्राच्या घागरीच्या घागरी आटविल्या. सोने मिळाले नाही. अंधारात चमकणारा फॉस्फरस मिळाला. १८९८ साली मेरी आणि पिएर क्युरी या दांपत्याने रेडियम शोधून काढले. मग अमेरिकेत घड्याळाच्या तबकडीवर रेडियमचा रंग देण्याचे कारखाने निघाले. तेथील मुली कुंचल्याला टोक यावे म्हणून तो ओठांत धरीत, आणि गंमत म्हणून नखांनाही रंग लावीत. त्यांच्या जबड्याची हाडे कुजली. कित्येक जणी तरुणपणीच गेल्या. १९२८ साली न्यू जर्सीतील पाच जणींच्या दाव्यात तडजोड होऊन त्यांना भरपाई मिळाली, तेव्हा कुठे जगाचे डोळे उघडले. आमच्या गावातला पेंटर ट्रॅक्टरच्या ट्रॉलीमागे चिकटवतो ती ‘रेडियमची पट्टी’ नुसता उजेड परतविते. तिच्यात रेडियमचा कणही नसतो. पण नाव पाहा कसे चिकटून राहिले! चमकणाऱ्या वस्तूची मोहिनी अशी नावातही उरते.

प्रामाणिकपणे गोळा केलेल्या उजेडाचाही एक दाखला आहे. १९४७ च्या सुमारास बाल्टिमोरमध्ये मॅकेलरॉय नावाच्या शास्त्रज्ञाने गावच्या पोरांना शंभर काजव्यांमागे पंचवीस सेंट देऊन काजवे जमविले आणि त्यांच्या पोटातल्या थंड उजेडाचा अभ्यास केला. काजव्याच्या शरीरातली दोन द्रव्ये प्राणवायू आणि पेशींतील ऊर्जा यांच्याशी मिळून तो उजेड पाडतात, हे त्यातून उलगडत गेले. पुढे १९८५ साली त्यामागचे जनुक वेगळे करता आले, आणि त्या द्रव्यासाठी काजवे धरण्याची गरजच सरत गेली. आज त्याच द्रव्याच्या आधारे भांडी आणि यंत्रे जंतूंपासून स्वच्छ आहेत की नाहीत हे क्षणात तपासता येते. पावसाळ्याच्या तोंडावर मेळघाटात झाडांवर काजवे लुकलुकताना ज्याने पाहिले आहेत, त्याला नागमण्यावाचून काही उणे वाटावे असे मला वाटत नाही.

कोणी म्हणेल, ‘मास्तर, एखाद्या धनिकाने खड्यापायी पैसे घालविले तर तुमचे काय गेले?’ धनिकाचे गेले त्याचे मला फारसे दुःख नाही. पण मण्याची गोष्ट धनिकाच्या तिजोरीपाशी थांबत नाही. तिचे एक टोक वारुळात जाते. मण्याच्या, गुप्तधनाच्या आणि लक्ष्मीप्राप्तीच्या आशेने नाग मारले जातात. बिचारे मांडूळ तर दुतोंडे समजून वजनावर विकले जाते. वास्तविक १९७२ च्या वन्यजीव कायद्याने या दोघांनाही संरक्षण दिले आहे. जो प्राणी आमच्या तुरीच्या आणि ज्वारीच्या वावरातले उंदीर फुकट फस्त करतो, त्याची नागपंचमीला पूजा करावयाची आणि इतर दिवशी टाळू फोडावयाची, याला भक्ती म्हणावे काय?

आणि मण्याचे दुसरे टोक माणसाच्या जखमेवर येते. तेच मला बोलावयास भाग पाडते.

भगतापाशी काळसर, सच्छिद्र असा एक खडा असतो. कोणी त्याला जहरमोहरा म्हणतो, कोणी सरळ मणीच म्हणतो. बहुतेक वेळा ते जाळलेले हाड असते. ओल्या जखमेवर ठेवला की टीपकागदासारखा तो चिकटतो, रक्त शोषतो आणि भरला की गळून पडतो. ‘विष प्यायला आणि सुटला’ असे भगत म्हणतो. पण विष काही जखमेच्या तोंडाशी वाट पाहत बसत नाही; ते केव्हाच आत गेलेले असते. ‘तरी माणसे वाचतात ना?’ वाचतात. कारण आपल्याकडचे बहुसंख्य साप बिनविषारी आहेत. धामण चावली, दिवड चावली, कवड्या चावला तर माणूस मण्यानेही वाचतो, मंत्रानेही वाचतो आणि नुसता पाटावर बसवून ठेवला तरी वाचतो. विषारी सापसुद्धा कित्येकदा कोरडाच चावा घेतो. भगताचे सारे यश या बिनविषारी सापांच्या पुण्याईवर उभे आहे.

माझ्या वर्गात एक मुलगा होता. त्याचा बाप सालदार. पऱ्हाटीच्या ढिगाशी रात्री त्याला साप चावला. तालुक्याचे रुग्णालय दूर नव्हते. पण आधी भगत आला, मणी लागला, पहाटेपर्यंत मणी चिकटूनच होता. पहाटे त्या माणसाच्या पापण्या मिटू लागल्या, बोलणे जड झाले, मग श्वास अडला. दहा दिवसांनी मुलगा शाळेत आला. मी काही विचारण्याआधी तोच म्हणाला, “गुर्जी, मनी लावला होता न. सारं इख वढून घेतलं म्हने त्यानं. मंग बाबा कसे गेले?” या प्रश्नाचे उत्तर भगताने द्यावयाचे की मास्तराने? मी त्याला खरे तेच सांगितले. त्या उत्तराचा विस्तार म्हणजे हा लेख आहे असे समजा.

हे एका घराचे दुःख नव्हे. २०२० साली प्रसिद्ध झालेल्या एका मोठ्या अभ्यासानुसार २००० ते २०१९ या वीस वर्षांत भारतात सर्पदंशाने सुमारे बारा लाख माणसे दगावली; म्हणजे वर्षाला सरासरी अठ्ठावन हजार. यांतील बहुतेक खेड्यांतली, आणि निम्मे मृत्यू जून ते सप्टेंबर या पावसाळी महिन्यांतले, म्हणजे पेरणी-निंदणीच्या दिवसांतले. अन्न पिकविणारा मरतो आहे, आणि आपण मण्याची किंमत विचारीत बसलो आहो!

आता ऐका खऱ्या मण्याची गोष्ट. नागाच्या मस्तकातून मिळणारी एक अमोल वस्तू खरोखरच आहे. तिचे नाव विष. चेन्नईजवळ इरुळा जमातीची सर्प पकडणाऱ्यांची सहकारी संस्था १९७८ साली उभी राहिली. पिढ्यान्‌पिढ्या साप पकडणारे हे लोक नाग, मण्यार, घोणस आणि फुरसे पकडून आणतात, काही आठवडे ठेवून त्यांचे विष काढून घेतात आणि साप पुन्हा रानात सोडून देतात. नाग मरत नाही. डोके आपटीत नाही. ते विष वाळविले की पिवळसर स्फटिक होतात. अंधारात ते मुळीच चमकत नाहीत. पण त्याची अल्प मात्रा घोड्यांना टोचीत गेले की त्यांच्या रक्तात विषाला मारणारी शक्ती तयार होते, आणि तीतून प्रतिविष बनते. मुंबईत परळच्या हाफकिन संस्थेत हे औषध वर्षानुवर्षे तयार झाले आहे. चारही प्रमुख विषारी सापांवर चालणारी ही एकच लस सरकारी रुग्णालयात फुकट मिळते. राजपुत्राच्या मण्याने एक राजकन्या जागी झाली; या मण्याने हजारो सालदार उठून पुन्हा वावरात गेले आहेत. सांगा, अधिक अद्भुत कोणते?

‘श्रद्धेला हात लावू नका’ असे बजावणारेही भेटतील. त्यांना मी दूरचा दाखला देत नाही. गाडगेबाबा आमच्याच अमरावती जिल्ह्यातल्या शेंडगावचे. हातात खराटा घेऊन त्यांनी गावाची घाण काढली आणि कीर्तनातून प्रश्न विचारून विचारून डोक्यातलीही काढली. १९५६ च्या डिसेंबरात वलगावपाशी त्यांनी देह ठेवला. देवावरची श्रद्धा आणि भगतावरची श्रद्धा यांत फरक असतो, हे त्या निरक्षर संताने साऱ्या महाराष्ट्राला समजावले. डॉ. नरेंद्र दाभोलकरांनी त्याच कामासाठी आयुष्य वेचले आणि २० ऑगस्ट २०१३ रोजी पुण्यात त्यांचा खून झाला. त्याच वर्षी जादूटोणाविरोधी कायदा झाला. साप, विंचू किंवा कुत्रा चावलेल्या माणसाला दवाखान्यापासून अडवून मंत्रतंत्र करणे, हा त्या कायद्याने गुन्हा आहे. पण कायदा भगताच्या दारात उभा राहतो. आपल्या बैठकीच्या खोलीत, सोफ्यावर बसून चित्रफीत पुढे पाठविणाऱ्या पदवीधरापर्यंत तो पोहोचत नाही. तेथे पोहोचायचे काम आपले आहे. कारण सालदार भगताकडे जातो तो दूरच्या रुग्णालयाच्या आणि बुडणाऱ्या मजुरीच्या धास्तीने. आणि ‘शिकलेले लोकही मानतात’ हा त्याला मोठा आधार वाटतो. हा आधार आपण देत आहो!

आता थोडे दुसऱ्या पक्षाविषयी. काही सुधारक म्हणतात की, असल्या गोष्टींनीच पोरे बिघडतात. त्या बंद करा. मला हे मान्य नाही. ज्या पोराने लहानपणी मनसोक्त गोष्टी ऐकल्या, त्याला गोष्ट कोणती आणि थाप कोणती हे लवकर कळते. गोष्ट सांगणारा तुमच्याकडून काही मागत नाही. थाप मारणारा शेवटी आगाऊ रक्कम मागतो. ही कसोटी पोरांना शिकवा, म्हणजे पुष्कळ झाले.

तेव्हा माझी या दिवाळीला एवढीच मागणी आहे. फराळाचे ताट पुढे घेऊन आजीने नातवंडांना मण्याची गोष्ट जरूर सांगावी. नाग, राजपुत्र, दुभंगणारी विहीर, काही गाळू नये. गोष्ट संपली की आजोबांनी पाच वाक्ये जोडावीत. साप चावला तर धावू नये, घाबरू नये. चावलेला हात-पाय हलू देऊ नये. अंगठी, बांगडी, जोडवी काढून टाकावीत. कापू नये, चोखू नये, करकचून बांधू नये. आणि १०८ क्रमांकावर गाडी बोलावून, ती नसेल तर मिळेल त्या वाहनाने, सरळ सरकारी रुग्णालय गाठावे. आपल्या गावाला जवळचे असे रुग्णालय कोणते, तेथे प्रतिविष ठेवलेले असते काय, हे पाडव्याच्या आत घरातल्या कर्त्या माणसाने स्वतः जाऊन विचारून यावे. नसेल तर ग्रामसभेत उभे राहून का नाही म्हणून विचारावे.

आणि पुढच्या वेळी कोणी मोबाईल पुढे करून तो हिरवा खडा दाखवील, तेव्हा हसून सोडून देऊ नये. ‘हा मणी किती माणसांच्या मरणाने उजळला आहे?’ असे त्याला सर्वांदेखत विचारावे.